नाचायची मुभा

गुढीपाडव्याच्या सुमारास तुम्ही पुणे-नाशिक रस्त्याने निघालात आणि नारायणगावला उतरलात, तर एक वेगळाच बाजार दिसेल. ओळीने राहुट्या उभ्या असतात. प्रत्येक राहुटीवर तमाशा फडाच्या नावाचा फलक, आत एक टेबल, दोन-चार खुर्च्या, भिंतीला फडाच्या जाहिराती. टोपी घातलेले, उपरणं टाकलेले गावकारभारी राहुटीराहुटीतून फिरतात. आपल्या गावची जत्रा कुठल्या तिथीला आहे ते सांगतात, भाव करतात आणि सुपारी देतात. चैत्री पौर्णिमा किंवा कालाष्टमी असली की सुपारी महाग, कारण त्या दिवशी दहा गावांच्या जत्रा एकदम येतात. पंढरपूर जशी वारकऱ्यांची पंढरी, तशी नारायणगाव ही तमाशाची पंढरी, असं आमच्याकडे म्हटलं जातं. जुन्नर तालुक्यात शिवनेरी आहे, लेण्याद्री आहे, नाणेघाट आहे. त्यांची माहिती पाठ्यपुस्तकांत येते. या राहुट्यांची येत नाही.

मी शेजारच्या आंबेगाव तालुक्यातला, घोड नदीच्या काठच्या एका गावातला. लहानपणापासून एक प्रश्न माझ्या मनात आहे. जे गावकारभारी हजारो रुपये मोजून बाईचा नाच गावात आणतात, तेच आपल्या घरातल्या बाईचा पाय तालावर पडला तर घर डोक्यावर का घेतात? आज या प्रश्नाकडे जरा इतिहासाच्या अंगाने बघू या. शेवटी थोडं घरचंही सांगणार आहे, कारण ते सांगितल्याशिवाय हे बोलणं खोटं ठरेल.

'तमाशा' हा शब्द फारसी-उर्दूच्या वाटेने मराठीत आला. तिकडे त्याचा अर्थ नुसता 'पाहण्यासारखी गोष्ट' असा. आपल्या मातीत आल्यावर त्याला डफ, तुणतुणं, ढोलकी आणि हलगी मिळाली. उत्तर पेशवाईत लावणी बहराला आली. ती लिहिणाऱ्यांची नावं एका दमात घेऊन बघा: सोलापूरचा ब्राह्मण राम जोशी, गवळी होनाजी, शिंपी परशराम आणि हत्यारांना धार लावणाऱ्या शिकलगारांपैकी मुसलमान सगनभाऊ. मी मराठीत कविता लिहितो म्हटल्यावर काही लोकांना अजून नवल वाटतं. मी त्यांना सगनभाऊंचं नाव सांगतो. दोनशे वर्षांपूर्वी हा माणूस मराठीत शृंगार लिहीत होता आणि पुण्यात लोक तो डोलत ऐकत होते.

म्हणजे लिहिणारे सगळ्या जातीधर्मांचे होते. नाचणारे मात्र नव्हते. तमाशाच्या बोर्डावर बऱ्याच काळापर्यंत बाईचं काम पुरुषच करी. त्याला नाच्या पोऱ्या म्हणत. पुढे खऱ्या स्त्रिया आल्या, त्या महार, मांग, कोल्हाटी अशा समाजांतून. आमच्या जुन्नरला लागून असलेल्या संगमनेर तालुक्यातल्या हिवरगावची पवळा ही त्या पहिल्या नावाजलेल्या कलावंतिणींपैकी एक. ती ज्यांच्या फडात गाजली ते पठ्ठे बापूराव म्हणजे श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी, जन्म १८६६, जातीने ब्राह्मण. बापूरावांनी तमाशासाठी घरदार आणि जात दोन्ही सोडलं, त्याबद्दल त्यांचं कौतुक होतं आणि ते व्हायलाही हवं. पण बापूरावांपाशी सोडण्यासारखी प्रतिष्ठा होती. पवळेपाशी ती मुळातच नव्हती.

बाबासाहेब आंबेडकरांची एक आठवण सांगतात. पठ्ठे बापूरावांनी तमाशाच्या खेळांचं उत्पन्न चळवळीला देऊ केलं आणि बाबासाहेबांनी ते नाकारलं. आमच्या बायांना नाचवून मिळालेला पैसा नको, असा त्या नकाराचा रोख होता. पहिल्यांदा हे वाचलं तेव्हा मी चक्रावलो. मी स्वतःला कलेच्या बाजूचा समजत होतो. पण विचार केला तसं लक्षात आलं, की जिला नाचणं सोडून दुसरं काही करायची मुभा नाही, तिचा नाच मोकळा कसा म्हणायचा? १९३६ साली मुंबईत देवदासी, मुरळ्या, जोगतिणींच्या सभेत बाबासाहेबांनी तो जगण्याचा मार्गच सोडून द्या, असं सांगितलं. एका बाजूला घरंदाज बाई, जिला नाचायची बंदी. दुसऱ्या बाजूला ही बाई, जिला न नाचायची बंदी. दोन्ही बंद्या घालणारे हात तेच.

हे लक्षात ठेवून आता विठाबाईंकडे येऊ.

विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर यांचा जन्म १९३५चा, पंढरपूरचा. फड वारीच्या गावी असताना मुलगी झाली म्हणून विठा. आजोबा नारायण खुडे यांनी फड उभा केला, वडील भाऊ आणि चुलते बापू यांनी तो नावारूपाला आणला. विठाबाईंनी तो महाराष्ट्रभर गाजवला. गळा खडा, शब्द स्वच्छ, आणि नाचताना पाय असे की ढोलकीवाल्यालाच घाम फुटावा. त्यांची एक गोष्ट महाराष्ट्रातल्या पोराटोरांना माहीत आहे. दिवस भरलेले असताना त्या बोर्डावर होत्या, कळा सुरू झाल्या तशा आत गेल्या, तिथे बाळंत झाल्या, दगडाने नाळ तोडली आणि प्रेक्षक खोळंबलेत म्हणून पुन्हा नाचायला उभ्या राहिल्या.

ही गोष्ट आपण कौतुकाने सांगतो. कलेवरची निष्ठा म्हणून सांगतो. मीही पुष्कळदा सांगितली आहे. पण एकदा बाळंतीण म्हणून ती ऐकून बघा. त्या रात्री त्या तंबूत शेकडो बाप्ये बसलेले होते, त्यातल्या बहुतेकांच्या घरी बाळंतीण चाळीस दिवस उंबरठा ओलांडत नसेल. तिकीट काढलंय, पैसे वसूल झाले पाहिजेत, हा दाब त्या बाईवर नव्हता असं कोण म्हणेल? कथेचा शेवट बरा आहे. विठाबाईंची अवस्था कळल्यावर लोकांनी हात जोडून खेळ थांबवायला सांगितलं, असंही सांगतात. ते खरं असावं असं मला मनापासून वाटतं.

त्यांना राष्ट्रपतींच्या हातून सन्मान मिळाले, १९९०मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. १५ जानेवारी २००२ रोजी त्या गेल्या. अखेरचे दिवस हलाखीत गेले, उपचारांच्या खर्चासाठी लोकांच्या मदतीवर विसंबावं लागलं. आज त्यांच्या नावाने महाराष्ट्र शासन तमाशा कलावंतांना जीवनगौरव पुरस्कार देतं. ही चांगलीच गोष्ट आहे. पण तेच शासन, म्हणजे त्याच खुर्च्या, तमाशाशी कसे वागत आले तेही पाहायला हवं.

स्वातंत्र्य मिळाल्यानंतरच्या पहिल्याच काळात बाळासाहेब खेरांच्या मुंबई सरकारने अश्लीलतेच्या कारणावरून तमाशावर बंदी आणली. फडांच्या पोटावर पाय आला. ओरड झाली, तेव्हा महामहोपाध्याय दत्तो वामन पोतदार यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. तमाशा मारायचा नाही, सुधारायचा, असं ठरलं. वगाची संहिता आधी तपासून घ्यायची, परवाना काढायचा, मगच खेळ. हेतू वाईट होता असं मी म्हणणार नाही. पण तमाशाचा जीव बतावणीत, ऐन वेळी सुचलेल्या कोटीत. ती आधी लिहून मंजूर कशी करून घ्यायची?

त्याच सुमारास दुसरीकडे काय चाललं होतं? १९५९मध्ये अनंत माने यांचा 'सांगत्ये ऐका' आला आणि पुण्याच्या विजयानंद थिएटरात शंभराहून जास्त आठवडे चालला. सदाशिव-नारायण पेठेतली कुटुंबं मुलाबाळांसह लावणी बघून आली. १९७२च्या 'पिंजरा'लाही तीच गर्दी. तंबूतली लावणी अश्लील आणि पडद्यावरची लावणी घरंदाज. फरक पायांत नव्हता, मध्ये असलेल्या पडद्यात होता. पडद्यावरच्या बाईला आपण हात लावू शकत नाही आणि तीही आपल्याकडे बघत नाही. तमाशातली बाई मात्र तुमच्या डोळ्यांत बघते, तुमच्या फेट्याची टर उडवते. मला वाटतं, माणसं नाचाला भीत नाहीत, त्या नजरेला भितात.

२००५मध्ये महाराष्ट्रात डान्सबारबंदी आली तेव्हा हेच पुन्हा घडलं. तीन तारांकित आणि त्यावरच्या हॉटेलांत नाच चालेल, साध्या बारमध्ये चालणार नाही. महाग खुर्चीसमोरचा नाच संस्कृती, स्वस्त खुर्चीसमोरचा अनीती. २००६मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने हा भेदभाव अमान्य केला, २०१३मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही तो निकाल उचलून धरला. सरकारने पुन्हा कायदे केले, त्यांतल्या बऱ्याच अटी २०१९मध्ये सर्वोच्च न्यायालयाने रद्द केल्या. मधल्या वर्षांत ज्या हजारो बायकांची कमाई गेली, त्यांचं पुढे काय झालं याची चौकशी करायला कुठलीही समिती बसली नाही.

आता थोडं पुरुषांकडे वळू. आमच्या दोन तालुक्यांत पुरुषांना नाचायला जागा काही कमी नाहीत. जुन्नर तालुक्यातल्या ओतूरला तुकोबांचे गुरू बाबाजी चैतन्य यांची समाधी आहे, आळ्याला ज्ञानोबांच्या रेड्याची समाधी आहे. वारकरी परंपरा इथे घराघरांत मुरलेली. दिंडीत सत्तर वर्षांचा म्हातारा टाळ घेऊन पावली खेळतो, तेव्हा लोक त्याच्या पाया पडतात. बैलगाडा शर्यतीच्या घाटात बारी लागली की हलगीवर भंडारा उधळत बाप्ये बेभान होतात. मधली काही वर्षं शर्यतींवर बंदी होती, ती डिसेंबर २०२१मध्ये उठली तेव्हा तर नाचाला ऊत आला. गणपतीत नाच, वरातीत नाच, निवडणुकीच्या गुलालात नाच. यातल्या कुठल्याही नाचणाऱ्याला कधी कुणी विचारलेलं नाही, की बाबा रे, तू कुणाचा कोण, आणि तुझ्या घरच्यांना हे चालतं का?

बायकांचा नाच होता, नाही असं नाही. मंगळागौरीची फुगडी, झिम्मा, भोंडला. पण तो अंगणातला, बायकाबायकांतला. आमच्या मुसलमान घरांत लग्नाआधीचा रतजगा. त्या रात्री परात पालथी घालून तिच्यावर ठेका धरायचा, दार लावून घ्यायचं, पुरुषांना बाहेर पिटाळायचं. दाराआड अंगात जेवढा नाच असेल तेवढा काढायचा आणि पहाटे पदर सारखा करून चहाचं आधण ठेवायचं.

आमच्यात नाच हरामच आहे, असं मला पुष्कळजण सांगतात. मी आलिम नाही, फतवे देणं माझं काम नाही. इतिहास मात्र इतका सरळ नाही. खुलताबादचे सूफी बुऱ्हानुद्दीन गरीब, ज्यांचं निधन १३३७मध्ये झालं, ते समाच्या मैफलीत तल्लीन होऊन नाचत. त्यांच्या नाचण्याची ढब इतकी निराळी होती, की तशा नाचणाऱ्या मुरीदांना बुऱ्हानी हे नावच पडलं. त्या काळीही त्यांना नावं ठेवणारे होते, वाद झाले. आज दख्खनेतले लोक त्यांच्या दर्ग्यावर चादर चढवतात. पण तिथेही जे नाचले, ज्यांच्याबद्दल लिहून ठेवलं गेलं, ते पुरुषच.

आता घरचं.

आमच्या गावच्या जत्रेत रात्री छबिना निघे, मग तमाशा. दुसऱ्या दिवशी सकाळी देवळासमोर त्याच फडाची हजेरी, आणि दुपारी कुस्त्या. तमाशाला बाया जात नसत. मी आठ-नऊ वर्षांचा असताना चाचांबरोबर गेलो आणि पेंगत पेंगत पाहून आलो. सकाळी अम्मीने चुलीपुढे बसवून घेतलं आणि हळूच विचारलं, "क्या पहनी थी रे उने?" मी सांगितलं. "और नाची कैसा?" मी तिच्यापुढे नाचून दाखवला. कमरेवर हात ठेवून, मान वेळावून. अम्मी पोट धरधरून हसली. मग तिने मला थांबवलं, मागे दाराकडे बघितलं आणि म्हणाली, असं नाही रे, पाय आधी पडतो, मान मागून येते. आणि तिने दोन पावलं टाकून दाखवली. फक्त दोनच. ती तिला कुठून येत होती हे मी तिला कधीच विचारलं नाही. आज विचारायला ती नाही.

माझी मोठी बहीण, तिला मी आपा म्हणतो, अम्मीवर गेलेली. १९८७च्या उन्हाळ्यात आमच्या थोरल्या भावाचं लग्न होतं. वरात निघाली, बँड लागला, आम्ही सगळी पोरं नाचत होतो. वेशीपाशी बँडवाल्याने एक ठेका धरला आणि आपा बायकांच्या घोळक्यातून पुढे आली. एकोणीस वर्षांची होती. ओढणी खांद्यावरून कमरेला खोचली आणि नाचली. पाच मिनिटं असेल, जास्त नाही. बँडवाला खूश होऊन तिच्यासाठीच वाजवत होता. मला आठवतं, तिचं लक्ष कुणाकडेच नव्हतं. कुणाला दाखवण्यासाठी ती नाचतच नव्हती.

रात्री मोहल्ल्यातले एक बुजुर्ग अब्बांना बाजूला घेऊन बोलले. सकाळी शेजारच्या आळीतल्या काकाही येऊन गेले, काळजीने, आवाज खाली करून. एरवी कुठल्या गोष्टीवर मोहल्ल्याचं आणि आळीचं एकमत होत नसे, त्या एका गोष्टीवर झालं. दोघांनी शब्दही सारखाच वापरला: तमाशा. "पोरीने तमाशा केला." महिन्याभरात आपाच्या ठरत आलेल्या सोयरिकीचं बोलणं थांबलं. कारण कुणी तोंडावर सांगितलं नाही, सांगायची गरज नव्हती. अब्बांनी तिला मारलं नाही, रागावलेही नाहीत. ते फक्त तिच्याशी बोलायचे बंद झाले. दिवाळीपर्यंत.

मी तेव्हा अठरा वर्षांचा. कॉलेजात मराठी घेतलेलं, वहीत कविता. मी काय केलं? काहीच नाही. त्या वरातीत मी आपापेक्षा चार पट नाचलो होतो, शर्टाची बटणं तुटेपर्यंत. "मी पण नाचलो की" एवढं एक वाक्य मला अब्बांसमोर बोलता आलं असतं. मी बोललो नाही. उलट मित्रांनी चिडवलं तेव्हा मला तिचाच राग आला, हेही कबूल करतो.

आपाचं पुढे लग्न झालं, चांगलं झालं. मुलंबाळं आहेत. कुणाच्याही लग्नात ती पुन्हा नाचली नाही.

विठाबाई गेल्या त्या वर्षी मी त्यांच्यावर कविता लिहिली. तालुक्याच्या गावच्या कविसंमेलनात ती वाचली, टाळ्या पडल्या. नारायणगावच्या आसपासच्या श्रोत्यांत विठाबाईंवरची कविता, टाळ्या पडणारच. आपा ऐकायला आली होती. परत येताना एसटीत ती खिडकीशी बसली होती. बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "अच्छा लिखा. उस दिन तू कुछ नै बोला था."

बस्स, एवढंच. पंधरा वर्षं तिने ते वाक्य ठेवून दिलं होतं.

तेव्हापासून मी इतिहास जरा वेगळा वाचतो. समाजाचा दाब म्हणजे सरकारी हुकूम किंवा फतवा, असं आपण समजतो. ते असतातच. पण खेर सरकारची बंदी उठली, डान्सबारच्या अटी रद्द झाल्या. कागदावरची बंदी कोर्टात जाऊन उठवता येते. वेशीपाशी नाचणाऱ्या पोरीवर आलेली बंदी कुठल्या कोर्टात नेणार? ती कुणी लिहिलेली नसते. एक बुजुर्ग चार शब्द बोलतो, एक शेजारी काळजी करतो, बाप गप्प बसतो आणि भाऊही गप्प बसतो. यातल्या बुजुर्गांना आपण नावं ठेवतो, पण सगळ्यात जास्त काम भावाचं गप्प बसणं करतं. कारण त्याच्या बोलण्याला त्या घरात किंमत असते.

हल्ली आमच्याकडे चित्र बदललं आहे. हळदीला डीजे लागतो, पोरी, सुना, क्वचित सासवाही नाचतात. काही ठिकाणी नाच-डीजे असेल तर निकाह लावणार नाही, असं सांगितलं जातं. कर्ज काढून डीजे लावू नका, हे त्यातलं म्हणणं मला पटतं. पोरीने हात वर केले म्हणून घराची अब्रू गेली, हे पटत नाही. आणि त्याच वेळी, तंबूतल्या तमाशाला प्रेक्षक मिळत नाही म्हणून फडमालक कर्जात आहेत. २०२० आणि २०२१ ही करोनाची दोन वर्षं तर राहुट्या लागल्याच नाहीत. घरातल्या पोरीला थोडी मुभा मिळाली. पण पिढ्यान्‌पिढ्या जिने आपल्यासाठी नाचायचं काम केलं, तिला दुसऱ्या कामाची मुभा अजून पुरती मिळालेली नाही. हा हिशोब अर्धाच फिटला आहे.

गेल्या वर्षी आपाच्या नातीची हळद होती. पोरी नाचत होत्या. नात आपाचा हात धरून ओढायला लागली. आपाने हात सोडवून घेतला, गुडघे दुखतात म्हणाली. मी शेजारीच बसलो होतो. या खेपेला मी म्हणालो, "आपा, उठ. मी पण येतो." तिने माझ्याकडे बघितलं आणि म्हणाली, आता कशाला? पण नातीला तिने जवळ बोलावलं आणि कानात काहीतरी सांगितलं. नातीने मान डोलावली, मैदानात गेली आणि आधी पाय टाकला, मग मान वेळावली.

हे रेडिओवर सांगू का, असं मी आपाला विचारलं होतं. थोडा विचार करून ती म्हणाली, सांग, पण माझं नाव घेऊ नकोस, जावयाची माणसं ऐकतात. म्हणून मी ते घेतलेलं नाही.